नसलेल्या देवीचे स्तोत्र

आमच्या घरात गेल्या महिन्यात एक लहानसे धर्मसंकट उभे राहिले. बारा वर्षांचा नातू सुट्टीत राहायला आला होता. तिन्हीसांजेला त्याच्या आजीने देवापुढे दिवा लावला आणि फर्मावले, "चल, बस इथे. रामरक्षा येत नाही, तर निदान येतं ते तरी म्हण."

'येतं ते' हे शब्द तिला महागात पडले. नातू मांडी घालून बसला, हात जोडले, डोळे मिटले आणि म्हणू लागला. ते संस्कृत नव्हते, मराठी नव्हते, इंग्रजीही नव्हते. सात ओळी, शेवटी यमक, उच्चार स्वच्छ, लय संथ. संपल्यावर त्याने रीतसर नमस्कार केला आणि उठला.

"हे रे कुठल्या देवाचं?"

"एल्बेरेथचं. ताऱ्यांची राणी आहे ती. एल्फ लोक म्हणतात."

"कुठे राहतात हे लोक?"

"ते खरे नाहीत गं आजी. पुस्तकातले आहेत."

इथे प्रकरण माझ्याकडे वर्ग झाले. कादंबऱ्या मी लिहितो, त्यामुळे न घडलेल्या माणसांविषयीच्या सगळ्या तक्रारी घरात माझ्याच टेबलावर येतात. सौ.चे म्हणणे सरळ होते: जे नाहीच, त्याच्यापुढे हात कसले जोडायचे? नातवाचा प्रश्न नेमका उलट्या बाजूचा होता. "आजोबा, ती खरी नाही हे मला माहीत आहे. मग म्हणताना खरं का वाटतं?"

दोघांनाही "बघू, नंतर बोलू" असे म्हणून मी वेळ मारून नेली. बँकेत सदतीस वर्षे काढल्यावर ही कला अंगवळणी पडते. पण प्रश्न काही जाईना. म्हणून आज हा लेखनप्रपंच.

ज्यांनी ते पुस्तक वाचलेले नाही त्यांच्यासाठी थोडी ओळख. ऑक्सफर्ड विद्यापीठात जुन्या इंग्रजीचे प्राध्यापक असलेल्या जे. आर. आर. टॉल्किन यांची 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही कादंबरी १९५४-५५ मध्ये तीन खंडांत प्रसिद्ध झाली. २००१ ते २००३ या काळात तिच्यावर तीन चित्रपट आले आणि ती घरोघरी पोचली. एका घातक अंगठीचा नाश करायला निघालेल्या फ्रोडो आणि सॅम या दोन लहानखुऱ्या जीवांची ही गोष्ट. त्यांच्या त्या जगात एल्फ नावाची एक प्राचीन, वार्धक्याने न मरणारी जमात आहे. नातवाने म्हटलेले स्तोत्र त्यांचे.

एल्बेरेथला आपण सोयीसाठी देवी म्हणू. टॉल्किनच्या जगात सर्वांचा निर्माता एकच आहे आणि त्याच्या हाताखाली विश्व घडवणाऱ्या काही शक्ती आहेत. त्यांतली ही एक. ती पश्चिम समुद्रापलीकडे, सदा बर्फाच्छादित अशा पर्वतावर राहते. एल्फ जेव्हा पहिल्यांदा जागे झाले, तेव्हा सूर्य नव्हता, चंद्र नव्हता. डोक्यावर होते ते फक्त तारे, आणि ते तिने पेटवलेले. म्हणून सगळ्या शक्तींमध्ये एल्फांचे तिच्यावर प्रेम अधिक. पुढे त्यांच्यातले बरेच जण समुद्राच्या अलीकडे राहून गेले, काही स्वतःच्या हट्टापायी तिकडून निघून आले. स्तोत्र गातात ते हे दुरावलेले लोक.

आता त्या सात ओळींत काय आहे? गाणारा ताऱ्यांच्या तेजाकडे पाहतो, आपण किती दूर आहोत ते सांगतो आणि अलीकडच्या तीरावरूनच गात राहण्याचा शब्द देतो. बस्स. मागणे काहीच नाही. धन नको, संतती नको, शत्रूचा नाशही नको.

बँकेत नवीन असताना आमच्या रोखपालाने मला नोट पारखायला शिकवली होती. नोट नुसती समोर धरून पाहायची नाही, उजेडाला धरायची. मग आतले जलचिन्ह दिसते, धागा दिसतो. खोट्या नोटेवर वरची छपाई सुबक असते, पण उजेडाला धरली की आत काही नसते. काल्पनिक जगांतली पुष्कळ स्तोत्रे मी वाचली आहेत. कादंबरीकाराला कुठे तरी एखादा पुजारी उभा करायचा असतो, म्हणून तो चार भारदस्त अक्षरे एकापुढे एक ठेवतो. उजेडाला धरली की कोरी.

टॉल्किनची नोट उजेडाला धरून पाहा. ही भाषा सिंडारिन. तिचा नाद त्यांना आवडणाऱ्या वेल्श भाषेच्या वळणाचा. वेल्शप्रमाणेच तिच्यातही आधीच्या शब्दाच्या संगतीने पुढच्या शब्दाचे पहिले व्यंजन बदलते, आणि तसे ते या स्तोत्रातही नियमाने बदललेले आहे. 'एल्बेरेथ' या नावाची फोड ताऱ्यांची राणी अशी होते. तिचेच दुसरे नाव 'गिल्थोनियेल', म्हणजे तारे पेटवणारी. ताऱ्याला 'एल' हा एक शब्द, 'गिल' हा दुसरा. यातल्या 'एल'ची व्युत्पत्ती मला फार आवडते. एल्फांच्या दंतकथेप्रमाणे, पहिल्यांदा आकाशात तारे दिसले तेव्हा त्यांच्या तोंडून आपोआप एक उद्गार निघाला, ज्याचा अर्थ 'पाहा!' त्या उद्गारातूनच पुढे ताऱ्याचे नाव आले. ज्या लोकांच्या भाषेत तारा म्हणजे मुळात 'पाहा!', त्यांनी ताऱ्यांच्या राणीचे स्तोत्र रचावे यात नवल कसले?

टॉल्किन सांगत असत की आपण गोष्टीसाठी भाषा रचल्या नाहीत, भाषांना राहायला जग हवे म्हणून गोष्टी रचल्या. पोरवयापासून त्यांना भाषा घडवण्याचा नाद. सोमच्या १९१६ सालच्या लढाईत ते लढले, खंदकातला ताप घेऊन परतले, त्या युद्धात जिवाभावाचे मित्र गमावले. त्या काळातही हा उद्योग चालूच होता. म्हणजे सात ओळींच्या मागे काही दशकांची कमाई गहाण पडलेली आहे. आम्ही कर्ज देताना विचारायचो, "तारण काय?" या स्तोत्राला तारण आहे.

मराठीत 'तारण' हा शब्द मोठा गमतीचा. बँकेत त्याचा अर्थ कर्जाच्या बदल्यात ठेवलेली वस्तू. देवळात त्याचा अर्थ बुडत्याला वर काढणे. हे दोन अर्थ एका शब्दात का आले असतील, याचा मी नोकरीत असताना कधी विचार केला नाही. सॅमची गोष्ट वाचताना तो करावा लागला.

हे स्तोत्र कादंबरीत वेगवेगळ्या प्रसंगी भेटते. पहिल्यांदा अगदी सुरुवातीला, फ्रोडो आणि सॅम यांच्या शायर या गावाकडच्या रानात. एक काळा स्वार हुंगत हुंगत फ्रोडोच्या दिशेने सरपटतो आहे, आणि तेवढ्यात झाडीतून गाण्याचे आणि हसण्याचे आवाज येतात. स्वार माघार घेतो. ऐकणाऱ्यांना ती भाषा धड येत नाही, तरी सुरांबरोबर अर्थ त्यांच्या मनात अर्धामुर्धा आकार घेतो. दुसऱ्यांदा रिव्हेंडेल या एल्फांच्या वस्तीत, शेकोटीच्या दालनात. इथे टॉल्किन मूळ सात ओळी देतात आणि अर्थ देत नाहीत. कादंबरीभर तो कुठेही दिलेला नाही. वाचकालाही त्यांनी त्या पाहुण्यांच्या रांगेत बसवले आहे: कळत नाही ना? ऐका.

त्या दालनात सॅम काय करत होता? झोपला होता. सॅम हा फ्रोडोचा माळी. साधा, मातीत हात घालणारा, पोटभर जेवण आवडणारा गडी. गाणे त्याच्या झोपेतून झिरपत गेले. आपल्याकडे कीर्तनाला आईच्या मांडीवर मुले झोपतात, तसे.

पुढे कित्येक प्रकरणांनंतर तोच सॅम मॉर्डोरच्या सीमेवर, शेलॉब नावाच्या राक्षसी कोळिणीपुढे एकटा उभा आहे. धनी फ्रोडो निपचित पडला आहे. कोळीण शेवटची झेप घ्यायच्या बेतात आहे. सॅमच्या हाती ताऱ्याचा उजेड साठवलेली एक कुपी येते. त्या क्षणी त्याला दूरचे आवाज आठवतात: गावाकडच्या रानात ऐकलेले, आणि त्या दालनात झोपेत ऐकलेले. त्याची जीभ मोकळी होते आणि स्वतःला येत नसलेल्या भाषेत तो एल्बेरेथला हाक मारतो. या वेळी ओळी चारच. रिव्हेंडेलमध्ये होती ती स्तुती, हा धावा. इथे मागणे आहे, पण एकच. मृत्यूच्या सावलीतून तो एवढेच म्हणतो की तिने त्याच्याकडे पाहावे. सोडव म्हणत नाही, त्या राक्षसिणीला मार म्हणत नाही.

मग कुपी धगधगून उठते, कोळीण मागे सरते. हे कुणी केले? तारे पेटवणारीने, की सॅमच्या न वाकणाऱ्या मनाने? टॉल्किन निकाल देत नाहीत. उजेड ताऱ्याचा होता, तो पेटला तो सॅमच्या जिद्दीने, असे काहीसे सुचवून थांबतात. मला हे थांबणे प्रामाणिक वाटते.

आता इथे मला माझी एक जुनी गोष्ट सांगावी लागेल. १९८५ सालची. नोकरीला दोन वर्षे झाली होती आणि संगमेश्वर तालुक्यातल्या एका खेड्यातल्या शाखेत माझी नेमणूक होती. कॉलेजात असताना चार पुस्तके वाचून मी देव सोडला होता, आणि सोडल्याचे दहा जणांना सांगितलेही होते. जून महिन्याच्या क्लोजिंगची कागदपत्रे जिल्ह्याच्या ठिकाणी पोचवून शेवटच्या एस.टी.ने परतलो. फाट्यावर उतरलो तेव्हा रात्रीचे साडेदहा झाले असतील. तिथून गाव दोन किलोमीटर. पाऊस नुकताच थांबला होता, बॅटरीचे सेल ऐन वेळी मान टाकून बसले, आणि दोन्ही बाजूंना गच्च झाडी. गावात त्याच आठवड्यात बिबट्याने कुणाचे वासरू नेल्याची बातमी होती. अर्धा रस्ता गेल्यावर डावीकडे काहीतरी जोरात सळसळले.

त्यानंतरचे मला आठवते ते असे, की मी मोठ्याने काही तरी म्हणतो आहे. ती रामरक्षा होती. आठ वर्षांत मी तिचा एक शब्द उच्चारला नव्हता. लहानपणी आई रोज म्हणून घ्यायची, चुकले की पुन्हा पहिल्यापासून. डोक्यापासून पायापर्यंत एकेका अवयवाचे रक्षण मागणारे ते कवच त्या अंधारात माझ्या तोंडून धबधब्यासारखे येत होते. अर्थाकडे माझे लक्ष नव्हते. मी आईचा आवाज ऐकत होतो. गावातला पहिला दिवा दिसल्यावर मी गप्प झालो. दुसऱ्या दिवशी लाज वाटली. कुणाला बोललो नाही.

सॅमचे ते प्रकरण मी बऱ्याच वर्षांनी वाचले, तेव्हा तो रस्ता आठवला. माणसाची स्वतःची भाषा संपते अशी एक जागा असते. तिथे नवे काही सुचत नाही. आत जे साठवलेले असेल तेच वर येते. सॅमच्या आत दोन रात्रींचे गाणे होते, माझ्या आत आईच्या काही वर्षांच्या संध्याकाळी. तारण आधी ठेवलेले असते, आणि नंतर कधी तरी ते तारते. शब्दाचे दोन अर्थ मला तिथे जुळलेले दिसले.

टॉल्किनना हे ठाऊक होते का? मला वाटते, पक्के ठाऊक होते. त्यांचे वडील ते चार वर्षांचे असताना वारले. आईने १९०० साली कॅथलिक पंथ स्वीकारला, त्यामुळे नातेवाइकांनी मदतीचा हात काढून घेतला. १९०४ मध्ये मधुमेहाने ती गेली तेव्हा हा मुलगा बारा वर्षांचा होता. धर्मासाठी आईने प्राण वेचला, अशी त्यांची जन्मभर भावना राहिली. आकाशाची राणी, सागराचा तारा म्हणून मेरीला आळवणाऱ्या प्रार्थनांत ते वाढले. एल्बेरेथच्या स्तोत्रात वाचकांना मेरीची छाया दिसली, तेव्हा मोठ्या गोष्टींचा रंग लहान गोष्टीला लागू शकतो, अशा अर्थाचे त्यांनी एका पत्रात लिहिले.

मात्र स्वतःचा धर्म त्यांनी कादंबरीत उघडपणे कुठेच आणला नाही. देऊळ नाही, पुजारी नाही. गॉन्डोरचे सैनिक जेवणाआधी क्षणभर पश्चिमेकडे तोंड करून उभे राहतात, आणि अशी काही रीत आपल्याकडे नाही म्हणून फ्रोडोला उगीचच गावंढळ वाटते. आहे ते एवढेच. पुस्तक मुळात धार्मिक आहे, म्हणूनच त्यातून धर्माची बाह्य चिन्हे काढून टाकली, असे त्यांनी १९५३ साली एका धर्मगुरू मित्राला कळवले होते. पुढे १९६७ मध्ये डोनाल्ड स्वान या संगीतकाराने त्यांच्या कवितांना लावलेल्या चालींचे पुस्तक निघाले. त्यात टॉल्किननी या स्तोत्राचा शब्दशः अर्थ आणि व्याकरण एकदाचे उलगडून दाखवले, आणि अशा धार्मिक खुणा वाचकांच्या नजरेतून सुटतात, याकडेही लक्ष वेधले.

पण मला सगळ्यांत बोलके वाटते ते दुसरेच एक पत्र. दुसरे महायुद्ध चालू होते. धाकटा मुलगा ख्रिस्तोफर हवाई दलात भरती झाला होता. जानेवारी १९४४ मध्ये टॉल्किननी त्याला लिहिले, की काही लॅटिन स्तुतिस्तोत्रे पाठ करून ठेव, ती मुखोद्गत असली की आनंद व्यक्त करायला शब्दांची वाण पडत नाही. मुलगा प्रशिक्षणासाठी दक्षिण आफ्रिकेत असताना, त्याच वर्षी त्यांनी फ्रोडो-सॅमच्या मॉर्डोरकडच्या वाटचालीची प्रकरणे लिहिली आणि टपालाने एकेक करून त्याला धाडली. परक्या मुलुखात, युद्धाच्या तोंडावर असलेल्या मुलाला बापाने सांगितले: पाठ करून ठेव. आणि त्याच बापाने कादंबरीत पाठ झालेल्या ओळींनी एका माळ्याला अंधारात उभे केले.

यातच सौ.च्या प्रश्नाचे अर्धे उत्तर आहे, आणि ते तिच्या बाजूचे आहे. टॉल्किननी मुलाला एल्बेरेथचे स्तोत्र पाठ करायला सांगितले नाही. आपण रचलेले कोणते आणि पिढ्यांनी म्हटलेले कोणते, हे त्यांना नीट कळत होते. पुढे चर्चमधली उपासना लॅटिनमधून इंग्रजीत आली. तेव्हाही बाकी सगळे इंग्रजीत उत्तरे देत असताना आजोबा मोठ्या आवाजात लॅटिनमध्येच देत, अशी आठवण त्यांचा नातू सायमन टॉल्किन याने सांगितली आहे. नातवाला शेजारी उभे राहून फार अवघडल्यासारखे होई. ज्या शब्दांत आई प्रार्थना करायची ते शब्द सोडायला म्हाताऱ्याचे मन तयार नसावे, असे मी समजतो.

उरलेले अर्धे उत्तर नातवाच्या बाजूचे. ती खरी नाही हे माहीत असून म्हणताना खरे का वाटते? कारण देवी कल्पनेतली असली तरी तिच्यामागची ओढ कल्पनेतली नाही. आपण दूर आहोत, जिथून आलो तिथे परत जाता येईल की नाही ठाऊक नाही, तरी तिकडे पाहत राहायचे आहे, ही भावना आई गमावलेल्या बारा वर्षांच्या मुलाची आहे, मित्र गमावलेल्या सैनिकाची आहे. तिला व्याकरण दिले, यमक दिले, लोक दिले. दुसऱ्या कुणा बारा वर्षांच्या मुलाला ती सत्तर वर्षांनी खरी वाटत असेल, तर ती त्याची फसवणूक आहे असे मी म्हणणार नाही. पण त्याला एवढे जरूर सांगेन की या सात ओळी तू एकट्याने पडद्यावर पाहून पाठ केल्यास. रामरक्षेत तुझ्या आजीचा आवाज आहे, दिव्याचा वास आहे, चुकल्यावर पडणारी टपली आहे. ते तारण बाजारात मिळत नाही.

कादंबरीच्या शेवटी ते स्तोत्र पुन्हा ऐकू येते, आणि जिथे पहिल्यांदा ऐकले त्याच रानात. या वेळी एल्फ कायमचे समुद्राकडे निघाले आहेत आणि फ्रोडो त्यांच्याबरोबर जाणार आहे. दोघे मित्र वाटेवर थांबून गप्प बसून ऐकतात. सॅम मागे राहणार आहे. त्याच्यापाशी बायको असेल, लेक असेल, बाग असेल, आणि ते गाणे असेल.

हे सगळे मी सुट्टीच्या शेवटच्या संध्याकाळी दोघांना समोर बसवून सांगितले. सौ. दिव्याच्या वाती वळत ऐकत होती. माझे संपल्यावर ती नातवाला म्हणाली, "म्हण रे ते पुन्हा एकदा." त्याने म्हटले. तिने या वेळी डोळे मिटून ऐकले.

"यात काही मागतात का ते?"

"नाही आजी. नुसतं बघतात आणि गातात."

"मग स्तोत्रच की ते," ती म्हणाली. "बरं, आता माझ्या मागून रामरक्षा म्हण. निम्मी आज, निम्मी पुढच्या सुट्टीत."

संगमेश्वरकडच्या त्या रात्रीची गोष्ट मात्र मी त्या संध्याकाळीही गाळली. जुनी सवय, दुसरे काय! पण रविवारची पुरवणी आमच्या घरात आधी सौ.च्या हाती पडते. तेव्हा आता तिला कळेलच.